घटना करण्याचा अधिकार नेमका कोणाचा?

१७७६ सालच्या ऑक्टोबरमध्ये अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्समधल्या काँकर्ड या गावाची सभा एका प्रश्नावर विचार करण्यासाठी भरली होती. इंग्लंडशी नाते तोडून जेमतेम तीन महिने झाले होते, राजाने दिलेली जुनी सनद निरुपयोगी ठरली होती, आणि विधिमंडळाने गावोगावच्या सभांकडे विचारणा केली होती की, नवी घटना आम्हीच तयार करावी, याला आपली संमती आहे काय. काँकर्डने नकार कळवला. विधिमंडळाविषयी राग असल्यामुळे हा नकार आलेला नव्हता. तिथे बसलेली माणसे त्यांनीच निवडून दिली होती. त्यांचे म्हणणे असे होते की, राज्यकर्त्यांच्या अतिक्रमणापासून नागरिकांच्या हक्कांचे रक्षण करण्यासाठी घटना असते. जी सभा घटना करील तिला ती बदलण्याचाही अधिकार पोचेल. आणि राज्यकर्त्यांना वाटेल तेव्हा बदलता येणारी घटना त्याच राज्यकर्त्यांविरुद्ध संरक्षण ते काय देणार? घटना करायची तर त्या कामासाठी निराळी सभा निवडली पाहिजे.

विधिमंडळाने तरीही घटना लिहून काढली. १७७८ मध्ये गावसभांनी ती फेटाळली. त्यानंतर मात्र केवळ घटनेसाठी वेगळी परिषद निवडण्यात आली, तिच्या मसुद्यात जॉन अॅडम्स यांचा मोठा वाटा होता, आणि १७८० मध्ये तो पुन्हा गावसभांपुढे ठेवून मंजूर करून घेण्यात आला. या मंजुरीसाठी मत देताना मालमत्तेची अट नव्हती, एकवीस वर्षांवरील स्वतंत्र पुरुषांना मत देता येत होते. आणि त्यांनी मंजूर केलेल्या घटनेने मात्र पुढच्या निवडणुकांसाठी मालमत्तेची अट घातली. घटना करणारी जनता आणि घटनेखाली मतदान करणारी जनता यांच्यात पहिल्याच प्रयोगात फरक पडला होता, हे ध्यानात ठेवण्याजोगे आहे.

जनतेच्या घटनानिर्मितीच्या सत्तेचा जो विचार आधुनिक लोकशाही सिद्धान्तात केला जातो, त्याचा गाभा काँकर्डच्या त्या नकारात आहे. सत्ता दोन प्रकारची असते, असे हा विचार सांगतो. एक सत्ता घटना निर्माण करते. दुसरी सत्ता घटनेतून निर्माण होते. तिला आपण घटनादत्त सत्ता म्हणू. संसद, मंत्रिमंडळ, न्यायालये, राष्ट्रपती हे सारे दुसऱ्या प्रकारात मोडतात, कारण त्यांचे अस्तित्व आणि अधिकार घटनेमुळे आहेत. पहिल्या प्रकारची सत्ता एकट्या जनतेची असते.

गृहनिर्माण सोसायटीत राहणाऱ्यांना हा फरक अनुभवाने ठाऊक असतो. व्यवस्थापन समिती रोजचा कारभार पाहते, पण सोसायटीचे उपविधी ती आपल्या बैठकीत बदलू शकत नाही; त्यासाठी सर्व सभासदांची सभा बोलवावी लागते. मात्र सोसायटीच्या सभेच्याही वर कायदा असतो आणि निबंधकाचे कार्यालय असते. सभासद कोण, गणसंख्या किती, बहुमत कशाला म्हणायचे, हे सारे आधीच ठरलेले असते. जनता घटना करायला बसते तेव्हा तिच्या वर कोणी निबंधक नसतो. सभासदांची यादी कोणी करायची, येथूनच वाद सुरू होतो, आणि या विषयातील जवळपास सगळ्या अडचणी तेथूनच उगम पावतात.

या विचाराला सिद्धान्ताचे रूप फ्रान्समध्ये मिळाले. राज्याच्या तिजोरीत खडखडाट झाल्यामुळे सोळाव्या लुईने १६१४ नंतर प्रथमच तिन्ही वर्गांची सभा बोलावली. धर्मगुरू, सरदार आणि उरलेली सारी प्रजा असे ते तीन वर्ग. मतदान वर्गवार झाले असते तर पहिल्या दोघांनी तिसऱ्याला दर वेळी हरवले असते. सभा भरण्यापूर्वी, जानेवारी १७८९ मध्ये, एमान्युएल जोसेफ सिएस या धर्मगुरूने एक पुस्तिका प्रसिद्ध केली. राष्ट्र सर्वांच्या आधी असते, राष्ट्राची इच्छा हाच कायद्याचा उगम असतो, आणि घटना शासनसंस्थांना बांधते पण खुद्द राष्ट्राला बांधू शकत नाही, असे त्याने त्यात मांडले. मे महिन्यात व्हर्सायला सभा भरली, १७ जूनला तिसऱ्या वर्गाच्या प्रतिनिधींनी स्वतःला राष्ट्रीय सभा म्हणून घोषित केले, आणि तीन दिवसांनी सभागृहाचे दार बंद आढळल्यावर जवळच्या टेनिसच्या बंदिस्त मैदानात जमून, देशाला घटना दिल्याशिवाय पांगणार नाही अशी शपथ घेतली.

या घटनाक्रमातील एक बाब सहसा नजरेआड होते. या प्रतिनिधींना मतदारांनी गाऱ्हाण्यांच्या वह्या देऊन राजाकडे पाठवले होते. स्वतंत्र घटनासभा म्हणून त्यांची निवड झालेली नव्हती. म्हणजे जनतेच्या नावाने घटना करण्याचा अधिकार त्यांनी आपल्याकडे घेतला, आणि जनतेने तो पुढे मान्य केला. शिवाय सिएसला स्वतःला सारी जनता एकसारखी वाटत नव्हती. नागरिकांची ‘सक्रिय’ आणि ‘निष्क्रिय’ अशी विभागणी त्यानेच सुचवली, आणि १७९१ च्या घटनेत तीन दिवसांच्या मजुरीइतका कर न भरणारे पुरुष व सगळ्या स्त्रिया मताधिकाराबाहेर राहिल्या. पुढे १७९९ मध्ये नेपोलियनला सत्तेवर आणणाऱ्या कटातही हाच सिएस होता. विचारवंताच्या चरित्रावरून विचाराची किंमत करू नये हे खरे. तरीही जनतेची सत्ता अमर्याद असल्याचे सांगणारा माणूस ती सत्ता एका सेनापतीच्या हवाली करायला मदत करतो, हा केवळ योगायोग म्हणून सोडून देता येत नाही.

अमेरिकेची राष्ट्रीय घटनाही नियमानुसार जन्मलेली नाही. आधीच्या संघराज्य-करारात बदल करायचा तर तेराही राज्यांच्या विधिमंडळांची संमती आवश्यक होती. १७८७ साली फिलाडेल्फियात जमलेल्या मंडळींना तो करार सुधारण्यासाठी पाठवले होते; त्यांनी तो बाजूला ठेवून नवी घटना लिहिली, नऊ राज्यांच्या खास परिषदांनी मान्यता दिली की ती त्यांच्यापुरती लागू होईल असे त्या घटनेतच लिहिले, आणि सुरुवात ‘आम्ही जनता’ अशी केली. ऱ्होड आयलंडने तर त्या बैठकीला प्रतिनिधीही पाठवला नव्हता. जुन्या नियमांच्या कसोटीवर हे सारे बेकायदेशीर होते. पण जुन्या नियमांनुसारच चालायचे असते तर नवी घटना झालीच नसती.

इथे तत्त्वज्ञांच्या वाटा वेगळ्या होतात. जर्मन विधिज्ञ कार्ल श्मिट यांनी १९२८ मध्ये असे मांडले की, घटनेच्या मुळाशी कोणताही नियम नसतो. आपले राजकीय अस्तित्व कोणत्या स्वरूपाचे असावे याविषयी जनतेने केलेला निर्णय असतो, आणि तो निर्णय जनता जमावाच्या जयघोषानेही व्यक्त करू शकते. ऑस्ट्रियन विधिज्ञ हान्स केल्सेन यांना हे मान्य नव्हते. त्यांच्या मते प्रत्येक नियमाची वैधता दुसऱ्या वरच्या नियमातून येते आणि शेवटी सर्वांच्या मुळाशी एक मूलभूत नियम गृहीत धरावा लागतो. जनतेची इच्छा ही वस्तुस्थिती झाली, तिच्यातून बंधन आपोआप निघत नाही. श्मिट पुढे १९३३ मध्ये नाझी पक्षात सामील झाले. त्याच वर्षी मार्चमध्ये हिटलरला संसदेला डावलून कायदे करण्याची मुभा देणारा कायदा जर्मन संसदेने संमत केला. विरोधी सदस्यांची धरपकड झाली होती, सभागृहात गणवेशधारी गुंड उभे होते, आणि तरीही घटनादुरुस्तीला लागणारे दोनतृतीयांश बहुमत कागदोपत्री पूर्ण भरले होते. घटनेने दिलेल्या दुरुस्तीच्या अधिकाराने घटनाच निकामी केली. म्हणून युद्धानंतर १९४९ च्या पश्चिम जर्मन मूलभूत कायद्यात मानवी प्रतिष्ठा, लोकशाही आणि संघराज्य ही तत्त्वे कोणत्याही दुरुस्तीच्या आवाक्याबाहेर ठेवण्यात आली. ही तरतूद पुढे भारतात कशी पोचली ते ओघाने येईलच.

त्याआधी सभासदांच्या यादीचा प्रश्न. ‘जनतेने ठरवावे’ हे ऐकायला सोपे वाटते, पण जनता म्हणजे कोण हे आधी दुसऱ्या कोणीतरी ठरवल्याशिवाय जनतेला काहीच ठरवता येत नाही, असा आक्षेप ब्रिटिश घटनातज्ज्ञ आयव्हर जेनिंग्ज यांनी घेतला होता. मराठी वाचकाला याचे उदाहरण शोधायला दूर जावे लागत नाही. १६ जानेवारी १९६७ रोजी गोवा, दमण आणि दीव येथे जनमत कौल घेण्यात आला. गोव्याने महाराष्ट्रात विलीन व्हावे की केंद्रशासित प्रदेश म्हणून राहावे, असा प्रश्न होता. विलीनीकरणाच्या विरोधात १,७२,१९१ आणि बाजूने १,३८,१७० मते पडली. तो घटना करण्याचा प्रसंग नव्हता, पण अडचण तीच होती. हाच प्रश्न महाराष्ट्र व गोवा मिळून एक मतदारसंघ मानून विचारला असता तर उत्तर कदाचित उलट आले असते. नोकरीधंद्यासाठी बाहेर राहणाऱ्या गोवेकरांनाही मत द्यावे, ही विलीनीकरणविरोधकांची मागणी मान्य झाली नाही. मते मोजण्यापूर्वी मतदार कोण हे दिल्लीत ठरले होते, आणि ते ठरवण्यासाठी मतदान घेणे शक्यच नव्हते. त्या निकालाला आज कोणी अन्यायाचा म्हणत नाही, ते त्यानंतरच्या साठ वर्षांत गोव्याने त्याला आपले मानले म्हणून.

भारताच्या घटना समितीची कथा याच दृष्टीने वाचली पाहिजे. ९ डिसेंबर १९४६ रोजी दिल्लीत तिची पहिली बैठक झाली. ती ब्रिटिश मंत्रिमंडळाच्या शिष्टमंडळाने आखलेल्या योजनेतून जन्मली होती. सदस्यांची निवड प्रांतिक विधिमंडळांनी केली होती, आणि ती विधिमंडळे मालमत्ता, कर किंवा शिक्षण यांच्या अटी पूर्ण करणाऱ्या मर्यादित मतदारांनी निवडली होती. संस्थानांचे प्रतिनिधी अजून यायचे होते आणि मुस्लिम लीगने बहिष्कार घातला होता. १३ डिसेंबरला पंडित नेहरूंनी उद्दिष्टांचा ठराव मांडला. स्वतंत्र भारताची सर्व सत्ता आणि अधिकार जनतेपासून आलेले असतील, असे त्यात म्हटले होते. त्यावर मुकुंदराव जयकर यांनी उपसूचना दिली की, लीग आणि संस्थाने येईपर्यंत हा ठराव मंजूर करू नये. सभागृहाला ते रुचले नाही. १७ डिसेंबरला डॉ. बाबासाहेब आंबेडकर बोलायला उभे राहिले आणि त्यांनी जयकरांच्या भूमिकेला पाठिंबा दिला. असा ठराव करण्याचा आपल्याला अधिकार आहे की नाही हा प्रश्न बाजूला ठेवा, तसे करणे शहाणपणाचे आहे काय ते पाहा, असा त्यांच्या म्हणण्याचा रोख होता. ठराव पुढे ढकलला गेला आणि २२ जानेवारी १९४७ रोजी संमत झाला. आंबेडकर तेव्हा बंगालमधून निवडून आले होते. फाळणीमुळे ती जागा गेल्यावर जुलै १९४७ मध्ये ते मुंबई प्रांतातून पुन्हा निवडून आले, आणि ती जागा होती जयकरांनी रिकामी केलेली.

समितीच्या प्रातिनिधिकतेविषयी सभागृहातच शंका घेतल्या जात होत्या. नोव्हेंबर १९४८ मध्ये दामोदर स्वरूप सेठ यांनी प्रौढ मतदानाने नवी समिती निवडण्याची मागणी केली; मौलाना हसरत मोहानी तर पदोपदी हा मुद्दा काढत. आंबेडकरांनी ४ नोव्हेंबर १९४८ च्या भाषणात दिलेले उत्तर या विषयावरील अतिशय तल्लख उत्तरांपैकी एक आहे, आणि ते जितके उद्धृत व्हायला हवे तितके होत नाही. आक्षेप असा होता की, मर्यादित मतदानाने निवडलेली ही समिती साध्या बहुमताने घटना करते, आणि प्रौढ मतदानाने निवडून येणाऱ्या भावी संसदेला मात्र घटना बदलण्यासाठी विशेष बहुमताची अट घालते. हा उफराटा न्याय झाला. आंबेडकरांनी संख्येचा वाद घातला नाही. त्यांचे म्हणणे होते की, घटना समितीला चांगली, चालणारी घटना करण्यापलीकडे स्वतःचा स्वार्थ नाही. भावी संसदेतील पक्षांना मात्र आपले कायदे पुढे रेटायचे असतील आणि वाटेत येणारे घटनेचे कलम त्यांना अडथळा वाटेल. म्हणून समितीवर विश्वास टाकता येतो, तसा संसदेवर टाकता येत नाही.

काँकर्डचे ग्रामस्थ १७७६ मध्ये जे म्हणाले तेच हे आहे. फरक इतकाच की, ग्रामस्थांना वेगळी सभा हवी होती, आणि आंबेडकर जी सभा हाती होती तिला वेगळी ठरवत होते. खरे पाहता तीच समिती स्वातंत्र्यानंतर देशाचे विधिमंडळ म्हणूनही काम करत होती, म्हणजे पक्षीय राजकारणापासून ती पूर्णपणे अलिप्त होती असे म्हणणे कठीण आहे. आंबेडकरांच्या युक्तिवादाचे बळ समितीच्या शुद्धतेत नाही. उद्या बहुमत मिळवणाऱ्याने स्वतःला जनता समजू नये, या इशाऱ्यात ते आहे.

१७ ऑक्टोबर १९४९ रोजी प्रास्ताविकेवर चर्चा झाली. सर्व सत्ता जनतेपासून येते, असे प्रास्ताविकेत स्पष्ट शब्दांत म्हणावे, अशी सूचना पूर्णिमा बॅनर्जी यांनी मांडली होती. घटनेचे मूळ, तिचा अधिकार आणि तिचे सार्वभौमत्व जनतेतून यावे अशीच प्रत्येक सदस्याची इच्छा आहे, आणि मसुद्यात ते आलेलेच आहे, असे आंबेडकरांनी उत्तर दिले. त्यातूनच आपण शाळेपासून पाठ केलेले वाक्य कायम झाले: आम्ही भारताचे लोक ही घटना अंगीकृत आणि अधिनियमित करून स्वतःप्रत अर्पण करत आहोत. त्याचबरोबर ३९५ व्या कलमाने १९४७ चा भारतीय स्वातंत्र्याचा कायदा रद्द करण्यात आला. ज्या ब्रिटिश कायद्याने घटना समितीला पूर्ण अधिकार दिले, तोच कायदा समितीने आपल्या हाताने पुसून टाकला, म्हणजे घटनेच्या अधिकाराचा माग काढत कोणी लंडनपर्यंत जाऊ नये. कायद्याच्या तर्काने पाहिले तर हे विचित्र आहे. राजकीयदृष्ट्या मात्र त्यावाचून गत्यंतर नव्हते.

घटनेवर सार्वमत घेतले गेले नाही. तिला जनतेची मान्यता मिळाली ती १९५१-५२ च्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीपासून पुढे, दर वेळी तिच्या चौकटीत मतदान करून, तिच्याच आधारे न्यायालयात जाऊन, तिचे नाव घेऊन रस्त्यावर उतरून. माझ्या मते जनतेची घटनानिर्मितीची सत्ता ही एका क्षणात घडणारी कृती मानण्यापेक्षा असा दीर्घकाळ चालणारा स्वीकार मानणे वस्तुस्थितीला अधिक धरून आहे. अर्थात स्वीकार आणि निमूटपणे सहन करणे यांतला भेद बाहेरून ओळखणे सोपे नसते, हा या मताचा कच्चा दुवा आहे, आणि तो मी झाकू इच्छित नाही.

आता दुरुस्तीचा प्रश्न. ३६८ वे कलम संसदेला घटना दुरुस्त करण्याचा अधिकार देते. १९६७ च्या गोलकनाथ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सहा विरुद्ध पाच मतांनी निकाल दिला की, संसदेला मूलभूत हक्कांचा संकोच करता येणार नाही. तशी वेळ खरोखरच आली तर नवी घटना समिती बोलावण्याचा मार्ग न्यायमूर्ती सुब्बा राव यांनी सुचवला होता. त्याला उत्तर म्हणून १९७१ च्या चोविसाव्या दुरुस्तीने ३६८ व्या कलमात अशी भर घातली की, संसद घटनेत बदल करते तेव्हा ती घटनानिर्मितीचा अधिकार वापरत असते. सिद्धान्ताच्या भाषेत सांगायचे तर, घटनेने जन्माला घातलेल्या संस्थेने आपण घटनेची जन्मदाती असल्याचे घटनेतच लिहून घेतले.

केशवानंद भारती खटल्यात हाच वाद तेरा न्यायमूर्तींपुढे ६८ दिवस चालला. दोन्ही बाजूंचे प्रमुख वकील मुंबईचे होते: याचिकाकर्त्यांतर्फे नानी पालखीवाला आणि केरळ सरकारतर्फे महाराष्ट्राचे महाधिवक्ता एच. एम. सिरवई. २४ एप्रिल १९७३ रोजी सात विरुद्ध सहा मतांनी निकाल लागला की, संसद घटनेचे कोणतेही कलम दुरुस्त करू शकते, पण घटनेची मूलभूत चौकट मोडू शकत नाही. न्यायमूर्ती खन्ना यांचे मत निर्णायक ठरले. दुरुस्ती म्हटले की दुरुस्त होणारी वस्तू आपली ओळख राखून शिल्लक राहिली पाहिजे, असा त्यांचा तर्क होता. जर्मन तरतुदीचा धागा इथे जुळतो. डिट्रिश कोनराड या जर्मन अभ्यासकाने १९६५ मध्ये बनारस हिंदू विद्यापीठात दुरुस्तीच्या अधिकाराच्या मर्यादांवर व्याख्यान दिले होते. त्यातील विचार वकिलांमार्फत न्यायालयात पोचला आणि खन्ना यांनी आपल्या निकालपत्रात कोनराड यांचा उल्लेख केला. मूलभूत वैशिष्ट्यांमध्ये बदल म्हणजे दुरुस्ती ठरेल की घटनेच्या एखाद्या भागाचे पुनर्लेखन, हा प्रश्न त्याच १९६५ साली सज्जनसिंग प्रकरणात न्यायमूर्ती मुधोळकर यांनी उपस्थित केला होता, हे मराठी वाचकांनी मुद्दाम लक्षात ठेवावे.

अल्पमतातील न्यायमूर्तींची बाजू कमकुवत नव्हती. ‘आम्ही भारताचे लोक’ हे शब्द वस्तुस्थितीला धरून नाहीत, समिती अप्रत्यक्ष मार्गाने निवडली गेली होती, तर संसद प्रौढ मतदानाने निवडली जाते, मग जनतेच्या जवळ कोण, असा त्यांच्यातील काहींचा प्रश्न होता. अल्पमतात पुण्याचे यशवंत विष्णु चंद्रचूड होते. १९७६ मध्ये बेचाळिसाव्या दुरुस्तीने संसदेच्या घटनानिर्मितीच्या अधिकाराला कोणतीही मर्यादा नाही असे जाहीर केले. १९८० मध्ये मिनर्व्हा मिल्स प्रकरणात ती तरतूद रद्द करणारे बहुमताचे निकालपत्र सरन्यायाधीश म्हणून याच चंद्रचूड यांनी लिहिले. मर्यादित अधिकार ज्याला मिळाला आहे त्याने तोच अधिकार वापरून स्वतःला अमर्याद करून घेता येणार नाही, हा त्यातील मुद्दा. दोन निकालांच्या मधे आणीबाणी होऊन गेली होती.

न्यायालयाने असे संसदेला सांगितले की तू जनता नाहीस. ते रास्तच होते. पण मग जनतेला मूलभूत चौकट खरोखर बदलायची झाली तर तिने काय करावे, याचे उत्तर या निकालांत मिळत नाही, आणि न्यायमूर्तीही घटनादत्तच असतात हा टीकाकारांचा टोमणा निरुत्तर करणारा आहे. जगात इतरत्र यावर निरनिराळे तोडगे निघाले. दक्षिण आफ्रिकेत निवडून आलेल्या घटनासभेला आधी ठरलेली ३४ तत्त्वे बंधनकारक होती. सप्टेंबर १९९६ मध्ये तिथल्या घटना न्यायालयाने मसुदा त्या तत्त्वांत बसत नाही म्हणून परत पाठवला आणि डिसेंबरमध्ये सुधारित मसुद्याला मान्यता दिली. सिएसच्या हिशेबात ही जनतेच्या सत्तेची विटंबना ठरली असती. प्रत्यक्षात वर्णद्वेषी राजवटीतून यादवीवाचून बाहेर पडण्याची ती किंमत होती, आणि माझ्या दृष्टीने स्वस्त किंमत होती. केनियात खालच्या दोन न्यायालयांनी केशवानंद निकालाचा धडा गिरवून असे ठरवले की, मूलभूत चौकट बदलायची तर लोकशिक्षण, लोकसहभाग, घटनासभा आणि सार्वमत या पायऱ्यांतून जावे लागेल. २०२२ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने मात्र मूलभूत चौकटीचा सिद्धान्त आपल्याकडे लागू नाही असे सांगितले. व्हेनेझुएलात २०१७ साली विरोधकांच्या ताब्यातील संसदेला डावलण्यासाठी सरकारने सर्वाधिकारी घटनासभा बसवली, आणि ती २०२० च्या अखेरीस घटनेचा मसुदाही न देता संपली.

चिलीचे उदाहरण मात्र थोडे थांबून पाहण्यासारखे आहे. तिथली घटना हुकूमशहा पिनोशेच्या काळातली, १९८० ची. तिच्यावरही सार्वमत झाले होते, पण मतदारयाद्यांशिवाय. म्हणजे सार्वमत झाले की जनतेची मोहर उठली असे मानणाऱ्यांनी चिलीचा इतिहास आधी पाहावा. ऑक्टोबर २०१९ मध्ये सान्तियागोच्या मेट्रोचे भाडे ३० पेसोंनी वाढले आणि आंदोलन पेटले. ‘प्रश्न तीस पेसोंचा नाही, तीस वर्षांचा आहे’ ही घोषणा देशभर गेली. ऑक्टोबर २०२० च्या सार्वमतात ७८ टक्के मतदारांनी नवी घटना मागितली. मग १५५ जणांची घटनासभा निवडली गेली. स्त्रीपुरुषांची संख्या समसमान, मूलनिवासी समाजांसाठी १७ राखीव जागा, अध्यक्षपदी मापुचे या मूलनिवासी समाजातील एलिसा लोंकोन. सिद्धान्ताच्या पुस्तकात जे जे असावे ते सारे तिथे होते. पण त्या निवडणुकीत निम्म्याहून कमी मतदार उतरले होते. ४ सप्टेंबर २०२२ रोजी मसुदा लोकांपुढे आला तेव्हा मतदान सक्तीचे होते, मतदारांची संख्या जवळपास दुप्पट झाली आणि ६२ टक्के लोकांनी मसुदा नाकारला. नंतर निवडलेल्या दुसऱ्या मंडळावर उजव्या पक्षांचे वर्चस्व होते; त्याचा मसुदाही डिसेंबर २०२३ मध्ये सुमारे ५६ टक्के मतांनी पडला. कोणालाही नकोशी झालेली १९८० ची घटना, वेळोवेळी दुरुस्त होत, आजही लागू आहे.

यावरून चिलीचा प्रयोग फसला असा निष्कर्ष काढणारे पुष्कळ आहेत. मला तसे वाटत नाही. घटनासभेतील बहुमताने आपल्यालाच जनता समजण्याची चूक केली. नंतर उलट्या बाजूच्या बहुमताने तीच चूक केली. आणि दोन्ही वेळा जनतेने, मी तुमच्यापेक्षा वेगळी आहे, हे मतपेटीतून कळवले. १७७८ मध्ये मॅसॅच्युसेट्सच्या गावसभांनी वापरली होती तीच ही नकाराची सत्ता आहे. जनता मसुदा लिहीत नाही, लिहू शकत नाही. तो नेहमी काही मोजकी माणसे लिहितात. तो नाकारण्याची खरीखुरी सोय मात्र जनतेला देता येते.

भारतात ती सोय करण्याचा एक प्रयत्न झाला होता. आणीबाणीनंतर आलेल्या जनता सरकारने १९७८ मध्ये पंचेचाळिसावे घटनादुरुस्ती विधेयक आणले. घटनेचे धर्मनिरपेक्ष किंवा लोकशाही स्वरूप, मूलभूत हक्क, मुक्त निवडणुका आणि न्यायसंस्थेचे स्वातंत्र्य यांना बाधा आणणारा बदल सार्वमताने मंजूर झाल्याशिवाय लागू होऊ नये, आणि त्या सार्वमतात निदान ५१ टक्के मतदारांनी भाग घेतलेला असावा, अशी तरतूद त्यात होती. लोकसभेने ती संमत केली. राज्यसभेत काँग्रेसचे बहुमत होते, तिथे ती वगळली गेली, आणि उरलेले विधेयक चव्वेचाळिसावी दुरुस्ती म्हणून अमलात आले. तेव्हापासून कोणत्याही सरकारने ही तरतूद घटनेत आणलेली नाही. मूलभूत चौकट आज संसदेला मोडता येत नाही. जनतेला बदलता येते की नाही, हे घटनेच्या कोणत्याही कलमात लिहिलेले नाही.